जबरी चोरीच्या केसमध्ये आरोपी सुटले, आता अपील करायचं का आणि कसं

निकालाच्या दिवशी कोर्टाच्या पायऱ्या उतरताना फिर्यादी माणूस एकच विचारतो, "वकीलसाहेब, आते काय?" मी जळगाव जिल्ह्यात फौजदारी केसेस चालवतो आणि हा प्रश्न कितीतरी वेळा ऐकलाय. "चला हायकोर्टात" असं सांगून टाकणं सोपं असतं, पण माणूस आधीच लुटला गेलेला असतो, चार-पाच वर्षं तारखांना हेलपाटे मारून थकलेला असतो, आणि पुरावाच पांगळा असेल तर अपिलात त्याची उरलीसुरली ताकद पण जाते. उलट कधीकधी केसमध्ये खरंच दम असतो, जजसाहेबांकडून महत्त्वाचा पुरावा नजरेतून सुटलेला असतो, आणि फिर्यादी मात्र "जाऊ द्या आता" म्हणून घरी बसतो. दोन्ही वाईटच. म्हणून हे सविस्तर लिहितोय, ज्याचा पैसा गेला, ज्याला मार लागला त्याच्यासाठी.

एक उदाहरण धरून चालू म्हणजे बोलणं हवेत राहणार नाही. समजा चोपड्याकडचा एक शेतकरी आहे, कापूस जिनिंगवर घातला, १ लाख ८० हजार रोख घेतले आणि डिसेंबरात संध्याकाळी सात वाजता मोटरसायकलवर बऱ्हाणपूर-अंकलेश्वर रस्त्याने गावाकडे निघाला. मागून दोन गाड्यांवर तिघं आले, एकाने डोळ्यात मिरचीची पूड फेकली, दुसऱ्याने चाकू दाखवला, पिशवी हिसकली, धक्का दिला, शेतकरी पडला आणि हात फ्रॅक्चर. फिर्याद अज्ञात इसमांविरुद्ध. बारा दिवसांनी पोलिसांनी दोघांना पकडलं, एकाने घरामागच्या कडब्याच्या गंजीतून पिशवी आणि ४० हजार काढून दिले. ओळख परेड अडीच महिन्यांनी झाली. कोर्टात दोन्ही पंच फितूर झाले, फिर्यादीने आरोपी ओळखले पण उलटतपासात गडबडला, आणि निकाल आला, संशयाचा फायदा देऊन निर्दोष मुक्तता.

आता कलमं थोडक्यात. घटना १ जुलै २०२४ च्या आधीची असेल तर गुन्हा जुन्या आयपीसीचा (भारतीय दंड संहितेचा), म्हणजे जबरी चोरी ३९२, जबरी चोरीत दुखापत ३९४, प्राणघातक हत्यार वापरलं किंवा गंभीर दुखापत केली तर ३९७, त्यात किमान सात वर्षं. नंतरची असेल तर भारतीय न्याय संहितेत हेच अनुक्रमे ३०९(४), ३०९(६) आणि ३११. साध्या जबरी चोरीला दहा वर्षांपर्यंत, पण हायवेवर सूर्यास्त ते सूर्योदयाच्या मधे झाली तर चौदा वर्षांपर्यंत शिक्षा आहे, आपल्या उदाहरणात हा मुद्दा लागू होतो आणि पुष्कळदा दोषारोपात तो लिहिलेलाच नसतो. दरोडा म्हणायला पाच माणसं लागतात, तिघं होते तर तो दरोडा नाही, पेपरवाले काहीही छापोत.

अपील कोण करणार

दोन रस्ते आहेत. एक सरकारचा, एक तुमचा स्वतःचा. लोकांना दुसरा माहीतच नसतो.

सरकारचा रस्ता म्हणजे सीआरपीसी (जुनी फौजदारी प्रक्रिया संहिता) ३७८, नवीन बीएनएसएस (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता) मध्ये ४१९. केस जेएमएफसी (प्रथम वर्ग न्यायदंडाधिकारी) कोर्टात चालली असेल (नुसतं ३९२ किंवा ३९४ असेल तर तिथेच चालते) तर जिल्हाधिकारी, जिल्हादंडाधिकारी म्हणून, सरकारी वकिलांना सेशन कोर्टात अपील करायला सांगू शकतात. केस सेशनला चालली असेल (३९७ किंवा दरोड्याचं ३९५ लागलं की सेशन) तर राज्य सरकारच्या आदेशाने अपील हायकोर्टात जातं आणि त्याला आधी हायकोर्टाची परवानगी लागते, त्यालाच लिव्ह म्हणतात. जळगाव, धुळे, नंदुरबार तिन्ही जिल्ह्यांसाठी हायकोर्ट म्हणजे छत्रपती संभाजीनगरचं खंडपीठ. मालेगावकडची मंडळी वाचत असतील तर लक्षात ठेवा, नाशिक जिल्हा मुंबईला जोडलेला आहे, संभाजीनगरला नाही.

तुमचा रस्ता म्हणजे सीआरपीसी ३७२ चं परंतुक, बीएनएसएस ४१३. हे ३१ डिसेंबर २००९ पासून आलं. ज्याचं नुकसान झालं किंवा ज्याला इजा झाली तो पीडित, आणि पीडिताला निर्दोष मुक्ततेविरुद्ध, कमी गुन्ह्यात शिक्षा झाली त्याविरुद्ध, किंवा भरपाई कमी मिळाली त्याविरुद्ध स्वतः अपील करता येतं. पीडिताच्या व्याख्येत पालक आणि कायदेशीर वारस पण येतात, त्यामुळे म्हातारे वडील लुटले गेले आणि नंतर वारले तरी मुलगा उभा राहू शकतो. २०१८ मध्ये सुप्रीम कोर्टाने मल्लिकार्जुन कोडगली केसमध्ये स्पष्ट सांगितलं की पीडिताला लिव्ह मागायची गरज नाही. हे फार मोठं आहे भाऊ, सरकारला दार ठोठवावं लागतं, तुम्हाला दार उघडं आहे. अपील कुठे, तर त्या कोर्टाने शिक्षा दिली असती तर आरोपी जिथे अपिलात गेला असता तिथेच, म्हणजे जेएमएफसीचा निकाल असेल तर सेशनला, सेशनचा असेल तर खंडपीठात.

आणि रिव्हिजनच्या, म्हणजे वरच्या कोर्टाकडून निकालाच्या नुसत्या फेरतपासणीच्या, नादी लागू नका. अजूनही कुणीतरी सांगतं की रिव्हिजन टाकू, स्वस्तात होईल. सीआरपीसी ४०१(३), नवीन ४४२, यात साफ लिहिलंय की रिव्हिजनमध्ये निर्दोष मुक्ततेची शिक्षा करता येत नाही, आणि जिथे अपिलाचा हक्क आहे तिथे रिव्हिजन चालत पण नाही.

मुदत, म्हणजे पहिल्या आठवड्याचं काम

सरकारच्या अपिलाला ९० दिवस आहेत, मुदत कायद्यात तसं लिहिलंय. पीडिताच्या अपिलाला कलमात मुदतच लिहिलेली नाही, आणि त्यावरून कोर्टाकोर्टात वाद झालेत. तुम्ही त्या वादात पडू नका. शिक्षेविरुद्धच्या अपिलाला सेशनला ३० दिवस आणि हायकोर्टाला ६० दिवस असतात, तेवढ्यातच आपलं अपील गेलं पाहिजे असं ठरवा म्हणजे कुणी बोट ठेवणार नाही. नक्कल मिळायला लागलेले दिवस मुदतीतून वजा होतात, पण नक्कल अर्ज ज्या दिवशी दिला तिथून, म्हणून निकालाच्या दिवशीच अर्ज द्या, घरी जाऊन रडायचं ते नंतर.

अर्जात फक्त निकालपत्र मागू नका. सगळ्या साक्षीदारांच्या साक्षी, पंचनामे, ओळख परेडचा पंचनामा, मेडिकल सर्टिफिकेट, आरोपीचा ३१३ चा जबाब (नवीन ३५१, पुराव्याबद्दल कोर्टाने आरोपीला विचारून घेतलेला), दोषारोप, आणि मुद्देमालाची यादी, सगळं निशाणी नंबरसकट (कोर्टाने कागदाला दिलेला नंबर) मागा. निकाल ई-कोर्ट्सच्या ॲपवर सीएनआर नंबर (प्रत्येक केसचा वेगळा नंबर) टाकून पण दिसतो, वाचायला तेवढा पुरतो, दाखल करायला मात्र प्रमाणित नक्कल लागते.

त्याच आठवड्यात दुसरं काम, केस चालवलेल्या सरकारी वकिलांना भेटून विचारा, अपिलाबद्दल तुमचं मत काय जाणार आहे? बीएनएसएसच्या कलम २० मध्ये अभियोग संचालनालयाकडे अपिलाबद्दल मत द्यायचं काम लिहून दिलेलं आहे. एक साधा लेखी अर्ज द्या, जिल्हाधिकाऱ्यांना आणि सरकारी वकिलांना, की निकाल चुकलाय, या या कारणांनी अपील व्हावं, आणि पोच घ्या. सरकारने केलं तर चांगलंच, नाही केलं तर वाट बघत बसू नका, आपला रस्ता वेगळा आहे.

आता मुख्य काम, वाचन

इथे मी जास्त वेळ घेणार आहे कारण सगळं इथेच ठरतं. निर्दोष मुक्ततेविरुद्धचं अपील म्हणजे केस पुन्हा पहिल्यापासून नाही. आरोपी मुळात निर्दोष धरला जातो, आणि सुटल्यावर ते गृहीतक अजून घट्ट होतं. २००७ च्या चंद्रप्पा निकालात सुप्रीम कोर्टाने हे नीट मांडलंय: अपील कोर्टाला सगळा पुरावा नव्याने तपासायचा पूर्ण अधिकार आहे, पण पुराव्यावरून दोन वाजवी मतं निघत असतील आणि खालच्या कोर्टाने त्यातलं एक घेतलं असेल, तर ते हलवायचं नाही. २०२४ च्या बाबू साहेबगौडा निकालात पण तेच, निकाल उघड उघड विपरीत पाहिजे, किंवा महत्त्वाचा पुरावा चुकीचा वाचलेला अथवा सोडून दिलेला पाहिजे, आणि पुराव्यातून दोषी याशिवाय दुसरं वाजवी मत निघायला नको.

म्हणजे "जजच्या जागी मी असतो तर शिक्षा दिली असती" हे पुरत नाही. "या पुराव्यावर कुठलाही समजदार जज असा निकाल देऊच शकला नसता" इथपर्यंत जावं लागतं.

माझी पद्धत सांगतो. एक वही घ्या, पानावर उभी रेघ मारा. डावीकडे निकालात काय म्हटलंय ते परिच्छेद नंबरसकट, उजवीकडे साक्षीत खरं काय आलंय ते निशाणी नंबरसकट. हे वकिलाने करायचं, पण फिर्यादीने शेजारी बसावं, कारण घटना त्याने पाहिली आहे. निकाल इंग्रजीत असला आणि साक्ष मराठीत असली की भाषांतरात अर्थ सरकतो. "अंधार पडत होता" याचं "पूर्ण अंधार होता" झालेलं असेल तर तोच तुमचा पहिला मुद्दा.

मग तीन-चार ठिकाणं कसून तपासा.

ओळख. जबरी चोरीच्या निम्म्याहून जास्त केसेस मला इथेच पडताना दिसतात. फिर्यादीत आरोपींचं वर्णन आहे का, उंची, कपडे, बोली, काहीतरी? उजेड कशाचा होता, गाडीच्या लाईटचा, ढाब्याचा? तोंडाला रुमाल होता का? डोळ्यात मिरची पूड गेलेला माणूस किती वेळ पाहू शकला? ओळख परेड हा मुख्य पुरावा नाही, कोर्टात केलेली ओळख हा मुख्य पुरावा, परेड फक्त तिला आधार देते. आपल्या हायकोर्टाच्या फौजदारी नियमावलीत एका आरोपीमागे किमान सहा सारखी दिसणारी माणसं, दोन आरोपी असतील तर दहा-बारा, असं सांगितलेलं आहे. परेडआधी पोलीस ठाण्यात आरोपी दाखवला, किंवा पेपरात फोटो आला, आणि हे उलटतपासात कबूल झालं असेल, तर खरं सांगतो, हा मुद्दा अपिलात उभा राहत नाही. अडीच महिन्यांचा उशीर मात्र आपोआप मारक नसतो, त्याचं कारण तपास अधिकाऱ्याच्या साक्षीत आलंय का ते बघा. जजनी "उशीर झाला म्हणून परेड निरुपयोगी" एवढंच लिहून सोडलं आणि कारण रेकॉर्डवर असेल, तर तो तुमचा मुद्दा.

जप्ती. पंच फितूर झाले म्हणून जप्ती गेली, असं निकालात असेल तर थांबा. पंच फितूर झाला तरी तपास अधिकाऱ्याची साक्ष विश्वासार्ह असेल तर कोर्ट त्यावर जप्ती मान्य करू शकतं, आणि फितूर साक्षीदाराची साक्ष पण सगळीच्या सगळी फेकायची नसते. पंचाने "सही माझी आहे, मी तिथे गेलो होतो" एवढं कबूल केलं असेल तर ते ओळीसकट उतरवून घ्या. पुरावा कायद्याचं कलम २७ (आता भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या २३ चं परंतुक) सांगतं की आरोपीच्या बोलण्यातला ज्यावरून वस्तू सापडली तेवढाच भाग वाचायचा, १९४७ च्या पुलुकुरी कोटय्या निकालापासून हेच चालत आलंय. "मी लुटलेले पैसे" हा तुकडा चालत नाही, "गंजीत लपवलेत, काढून देतो" हा चालतो. आता बघा की निवेदन पंचनाम्यात आरोपीचे स्वतःचे शब्द आहेत का, जागा उघडी होती की त्याच्याच ताब्यातली, माल जागेवर सील झाला का.

आणि मग रोख रकमेचा प्रश्न येतोच. पाचशेच्या नोटा सगळ्या सारख्या, त्या तुमच्याच होत्या हे कशावरून? जिनिंगची काटा पावती, बिल, बंडलवरची बँकेची पट्टी, आणि उदाहरणातली ती पिशवी. दुकानाचं नाव छापलेली, एका बाजूने शिवलेली पिशवी फिर्यादीने कोर्टात ओळखली असेल आणि निकालात तिचा उल्लेखच नसेल, तर चाळीस हजारापेक्षा ती पिशवी जास्त मोलाची आहे. दागिन्यांच्या केसमध्ये हेच काम सराफाचं बिल करतं. माल घेणारा सराफ साक्षीला आला होता का, दागिना वितळवून लगड केली होती का, लगड असेल तर ओळख जवळपास संपली. मोबाईल असेल तर आयएमईआय नंबर, त्यात गडबड कमी असते.

इथेच एक दुर्लक्षित मुद्दा. चोरीचा माल गुन्ह्यानंतर लवकर कुणाकडे सापडला आणि त्याने समाधानकारक खुलासा केला नाही, तर तो चोर आहे किंवा जाणूनबुजून चोरीचा माल ठेवणारा आहे असं कोर्ट धरू शकतं, पुरावा कायद्याच्या जुन्या ११४ चा दाखला, नवीन ११९. म्हणजे ओळख पडली तरी निदान चोरीचा माल ठेवल्याच्या ४११ (नवीन ३१७(२)) खाली विचार व्हायला पाहिजे होता. निकालात त्यावर एक ओळ पण नसेल तर अपिलात हा पर्यायी मुद्दा घ्याच. लोकांना हे कमीपणाचं वाटतं, पण मला पुष्कळ केसेसमध्ये हाच सगळ्यात प्रामाणिक मुद्दा वाटतो.

सीसीटीव्ही आणि कॉल रेकॉर्ड. पेट्रोल पंपाचं फुटेज पेन ड्राईव्हवर दिलं पण पुरावा कायद्याच्या ६५-ब चं (नवीन ६३), म्हणजे इलेक्ट्रॉनिक पुराव्याचं, सर्टिफिकेट नाही, तर तो पुरावा गेला. २०२० चा अर्जुन पंडितराव खोतकर निकाल, जालन्याच्या निवडणुकीचा, आपल्याच खंडपीठातून वर गेलेला, त्यात हे पक्कं झालं. ट्रायल संपायच्या आत सर्टिफिकेट आणता येतं, अपिलात आणणं फार अवघड. सीआरपीसी ३९१ (नवीन ४३२) खाली अपिलात जादा पुरावा घेता येतो, पण सरकार पक्षाची भोकं बुजवायला ते कलम नाही. पोलिसांनी फुटेज घेतलंच नाही, बोटांचे ठसे घेतलेच नाहीत, हा राग बरोबर आहे, पण तपास खराब झाला म्हणून पुरावा तयार होत नाही. उलट चांगला पुरावा असूनही जजनी फक्त तपासातल्या चुकीवरून सोडलं असेल तर तो मात्र अपिलाचा मुद्दा होतो. हा फरक नीट समजून घ्या.

वही भरली की एक कठीण प्रश्न स्वतःला विचारा. हीच माणसं होती याची मला मनातून खात्री आहे का, की पोलिसांनी समोर आणली म्हणून मी ओळखली? १९५२ ला गुन्हेगार जमाती कायदा गेला, तरी "रेकॉर्डवरचे" म्हणून ठराविक वस्त्यांतली पोरं उचलणं आजही पूर्ण थांबलेलं नाही. खात्री नसेल तर अपील करू नका. चुकीचा माणूस आत गेला तर तुमचे पैसे परत येत नाहीत आणि खरा लुटारू त्याच रस्त्यावर फिरत राहतो.

अपील मेमो (अपिलाचा अर्ज) आणि पुढचं

मुद्दे पाच-सहाच ठेवा. पंचवीस मुद्द्यांचा मेमो पाहिला की कळतं, एकही धड नाही. प्रत्येक मुद्द्यात निकालाचा परिच्छेद, साक्षीची निशाणी, आणि चूक काय, एवढंच. "निकाल कायद्याला धरून नाही" असल्या ओळींनी काही होत नाही. कलम जुनं-नवं दोन्ही लिहा. उशीर झाला असेल तर मुदत कायद्याच्या कलम ५ चा अर्ज सोबत, दिवसागणिक कारणासकट, दवाखान्याचे कागद असतील तर लावून. खंडपीठात जाताना मराठी साक्षींचं इंग्रजी भाषांतर लागतं, त्याचा वेळ आणि खर्च आधीच धरा.

दाखल झालं की पहिली तारीख महत्त्वाची, कारण दम नाही असं वाटलं तर कोर्ट तिथेच फेटाळू शकतं. वकिलाने पहिल्या पाच मिनिटांत सगळ्यात भारी मुद्दा मांडावा, आपल्या उदाहरणात पिशवी. दाखल करून घेतलं तर खालचं रेकॉर्ड मागवतात आणि आरोपींना नोटीस निघते. आरोपी सेंधव्याकडे किंवा गुजरातेत कामाला गेलेले असतात, नोटीस परत येत राहते आणि वर्षं जातात. त्यावर उपाय म्हणजे ४३७-अ (नवीन ४८१) खाली ट्रायल संपताना घेतलेला जातमुचलका, तो सहा महिने चालतो, त्यातले जामीनदार आणि पत्ते रेकॉर्डमधून काढून ठेवा. गरज पडली तर ३९० (नवीन ४३१) खाली हायकोर्ट वॉरंट पण काढू शकतं.

शेवटी कोर्ट निकाल कायम करेल, उलटवून शिक्षा देईल, किंवा फेरसुनावणीला परत पाठवेल. फेरसुनावणी क्वचितच मागा, साक्षीदार पुन्हा उभे राहतील का, ते आधी स्वतः जाऊन विचारून या.

पैसे परवडत नसतील तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा, महिला, अनुसूचित जाती-जमाती आणि ठराविक उत्पन्नाखालच्यांना वकील फुकट मिळतो, खंडपीठात पण तशी समिती आहे, हेल्पलाईन १५१००. मार लागला असेल तर ३५७-अ (नवीन ३९६) खाली भरपाईचा अर्ज पण तिथेच, आरोपी सुटला तरी तो करता येतो.

मुद्देमाल, हे विसरू नका

अपील करा किंवा करू नका, निकालाचं शेवटचं पान वाचा. तिथे जप्त चाळीस हजारांचं काय करायचं ते लिहिलेलं असतं, आणि कधीकधी ते आरोपीला परत द्या असा आदेश असतो. त्या आदेशाविरुद्ध वेगळं अपील आहे, सीआरपीसी ४५४, नवीन ५००. आरोपीचा ३१३ चा जबाब काढून बघा, त्यात बहुतेक वेळा "माझ्याकडून काहीच जप्त झालं नाही" असं असतं. ज्याच्याकडून जप्तच झालं नाही म्हणतो त्याला ती रक्कम कशी परत मिळेल, हा एवढा एकच मुद्दा अर्जात लिहा, सोबत काटा पावती लावा. असा आदेश साधारणपणे दोन महिने अमलात येत नाही आणि अपील झालं तर ते संपेपर्यंत थांबतो, त्यामुळे नक्कल अर्ज दिला त्याच दिवशी नाझरकडे (मुद्देमाल सांभाळणारा कोर्टाचा कर्मचारी) जाऊन मुद्देमाल अजून तिथेच आहे का हे विचारून या.